अमन लॉज: माथेरानच्या अलीकडच्या छोट्या स्टेशनाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दिवाळीची सुट्टी जवळ आली की माझा फोन वाजायला लागतो. मावसभाऊ, जुन्या ऑफिसातली मंडळी, सोसायटीतल्या काकू, सगळ्यांचा पहिला प्रश्न ठरलेला: "मिनी ट्रेन चालू आहे का?" त्याच्या पाठोपाठ अमन लॉजबद्दलचे प्रश्न येतात, आणि त्यात दरवर्षी थोडी भर पडते. लहानपणापासून माथेरानला जातोय एवढंच माझं भांडवल. तेवढ्यावर लोक मला रेल्वेचा चौकशी कक्ष समजतात. म्हणून एकदाच सगळं सविस्तर लिहून ठेवतो.

अमन लॉज हे हॉटेल आहे ना? तिथे खोली मिळेल का?

नाही हो. ते रेल्वे स्टेशन आहे. खोली तर सोडाच, पावसात सगळी गर्दी छपराखाली मावली तरी पुष्कळ. आमच्या ओळखीच्या एका कुटुंबाने मात्र खरोखर "अमन लॉजला एसी रूम किती?" असं मला विचारलं होतं, त्यामुळे हा प्रश्न पहिला ठेवला आहे.

मग हे स्टेशन नेमकं आहे कुठे?

नेरळ ते माथेरान या दोन फुटी रेल्वेमार्गावर शेवटून दुसरं. नेरळहून निघालेली गाडी जुम्मापट्टी, वॉटर पाइप, अमन लॉज अशी स्टेशनं घेत माथेरानला पोचते. सगळा मार्ग साधारण २१ किलोमीटरचा, त्यातले शेवटचे अडीच-पावणेतीन किलोमीटर अमन लॉज ते माथेरान. सगळा घाट चढून झाल्यावर, पठाराला पाय लागतो तिथे हे स्टेशन आहे. हे 'घाट संपल्यावर' लक्षात ठेवा, पुढच्या निम्म्या प्रश्नांचं उत्तर त्यात आहे.

अमन लॉज आणि दस्तुरी नाका एकच का?

एक नव्हे, पण शेजारी. दस्तुरी नाका म्हणजे नेरळहून येणारा घाटरस्ता जिथे संपतो ती जागा: पार्किंग, टॅक्सी, घोडे, हमाल, आणि नगरपरिषदेचा प्रवासी कर भरायची जागा. तिथून चालत काही मिनिटांत अमन लॉजचा फलाट. मराठीत 'दस्तुरी' म्हणजे रिवाजाने चालत आलेलं देणं. नाक्यावर पावती फाडल्याशिवाय पुढे जाता येत नाही, तेव्हा नाव चपखल आहे, एवढंच म्हणतो.

रेल्वे कुणी बांधली? इंग्रज सरकारने?

हा सर्वात मोठा गैरसमज. सरकारने नाही, मुंबईच्या एका व्यापारी कुटुंबाने. सर आदमजी पीरभॉय हे दाऊदी बोहरा समाजातले मोठे उद्योगपती, लष्कराला तंबू आणि बूट पुरवणारे, १८९७ साली मुंबईचे शेरीफ झालेले. पैसा त्यांचा, आणि काम अंगावर घेतलं ते त्यांचे चिरंजीव अब्दुल हुसेन यांनी. १९०४ मध्ये काम सुरू झालं, २२ मार्च १९०७ ला मार्ग खुला झाला. खर्च १६ लाख रुपये. त्या काळातले १६ लाख, आणि तेही अशा डोंगरावर, जिथे वर्षातले चार महिने पाऊस काही करू देत नाही. सुरुवातीला तिचं नाव 'माथेरान स्टीम ट्रामवे' असं होतं.

सल्लागार इंजिनियर होते एव्हरार्ड कॅलथ्रॉप. सोलापूरकरांना हे नाव परकं वाटायला नको, कारण बार्शी लाईट रेल्वे उभी करणारे हेच गृहस्थ. अरुंद रुळांवरही भक्कम रेल्वे चालते हे त्यांनी बार्शीत दाखवलं होतं. पुढे इंग्लंडात परत गेल्यावर त्यांनी विमानातून उडी मारायचं पॅराशूट बनवलं. आयुष्यभर उंचावरून खाली सुखरूप कसं यावं याचाच विचार केला म्हणायचा.

रेल्वेच्या आधी लोक माथेरानला कसे जायचे?

१८५० च्या मे महिन्यात ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट चौकच्या बाजूने हा डोंगर चढून गेले आणि साहेबलोकांच्या नकाशावर माथेरान आलं. डोंगरावरच्या ठाकर-धनगरांना तो 'सापडायची' काही गरज नव्हती, पण इतिहास साहेबापासून सुरू करायची आपल्याला खोड आहे. पुढे मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड एल्फिन्स्टन यांनी जागा मनावर घेतली. १८५६ मध्ये जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वे नेरळवरून पुढे गेली आणि मुंबईहून नेरळपर्यंत येणं सोपं झालं. त्यापुढे घोडा, पालखी, नाहीतर पायी. म्हणजे जवळपास पन्नास वर्षं नेरळ स्टेशनबाहेर भोई आणि घोडेवाले उभे असायचे, आज टॅक्सीवाले असतात तसेच.

रूळ एवढे अरुंद का ठेवले?

वळणासाठी. दोन रुळांमधलं अंतर दोन फूट, म्हणजे ६१० मिलिमीटर. आपल्या लोकलच्या ब्रॉडगेजचं १६७६. रूळ जितके जवळ, तितकं वळण घट्ट घेता येतं, आणि वळण घट्ट घेता आलं की डोंगर कमी कापावा लागतो, पूल कमी लागतात, खर्च आटोक्यात राहतो.

हिशेब करून बघा. नेरळ समुद्रसपाटीपासून जेमतेम ४० मीटरवर, माथेरान स्टेशन ८०० च्या आसपास. २० किलोमीटरच्या वर थोड्या अंतरात साडेसातशे मीटर चढायचं. सरासरी काढली तर दर सव्वीस-सत्तावीस मीटरला एक मीटर चढ. जिथे सर्वात कठीण आहे तिथे वीसला एक. रस्त्यावर हा चढ काहीच वाटत नाही, पण गुळगुळीत रुळावर गुळगुळीत लोखंडी चाक, त्याला हा चढ फार. म्हणून रूळ डोंगराला वेटोळे घालत जातात. माउंट बॅरीजवळ घोड्याच्या नालेसारखं वळण आहे. तिथे अशी रचना केली नसती तर गाडी उलटसुलट मागेपुढे करत चढवावी लागली असती. वाटेत एकच बोगदा आहे, 'वन किस टनेल'. चुंबन घेण्यापुरताच अंधार, म्हणून हे नाव. सहलीला मास्तर सोबत असले की या बोगद्यात डब्यातून एकच आरोळी उठायची, आणि मास्तर खिडकीबाहेर बघायचे.

वाफेचं इंजिन एवढ्या वळणांवर वळायचं कसं?

हा प्रश्न मला फार कमी जण विचारतात, आणि मला सर्वात जास्त आवडतो.

सुरुवातीला चार इंजिनं आली, जर्मनीच्या ओरेनस्टाइन अँड कोपेल कंपनीची. प्रत्येकाला सहा चाकं, म्हणजे तीन आस. आता सहा चाकं एका ताठ सांगाड्यात बसवली तर घट्ट वळणावर पुढची-मागची चाकं रुळाला घासतात, अडकतात किंवा सरळ रुळावरून उतरतात. बैलगाडीचा एकच कणा वळतो, पण एकापाठोपाठ तीन कणे एकाच आडव्याला ठोकून बघा, मग कळेल. त्यावर तोडगा होता 'क्लिएन-लिंडनर' आसाचा. पहिला आणि तिसरा आस पोकळ नळीसारखा, आणि त्या नळीच्या आत खरा फिरणारा दांडा. शक्ती आतल्या दांड्याकडून येते, पण बाहेरची नळी चाकांसकट वळणाच्या दिशेने थोडी सरकू शकते. इंजिन सरळ धावतंय असं वरून दिसतं, आणि खाली चाकं आपापली वाट काढत असतात. शंभर वर्षांपूर्वी लोखंडात केलेली ही कारागिरी बघायला मिळाली तर जरूर बघा. त्या चारपैकी एक इंजिन इंग्लंडात गेलं.

माझ्या लहानपणी, सत्तरच्या दशकात, वाफेची इंजिनं अजून होती. खिडकीतून डोकं बाहेर काढलं की डोळ्यात कोळशाचा कण जायचाच. मग आई रुमालाचं टोक पिळून त्याला फुंकर घालायची, पापणी उलटायची, आणि तो काळा ठिपका रुमालावर दाखवून म्हणायची, "बघ, आता तरी आत बस." दोन वळणं झाली की मी पुन्हा बाहेर.

मग डिझेल कधी आलं?

पन्नाशीच्या दशकात जर्मनीच्याच युंग कंपनीची डिझेल इंजिनं आली. काही वर्षं दोन्ही चालली. १९८२ च्या सुमारास वाफ थांबली.

गाडी एवढी हळू का जाते?

चढ आणि वळणं. वळणांमुळे वेग ताशी १२ किलोमीटरच्या आसपास बांधलेला असायचा. २१ किलोमीटरला अडीच तासांच्या आसपास लागतात. उतरताना तर आणखी सांभाळून. पूर्वी प्रत्येक डब्यावर ब्रेक फिरवणारा माणूस असायचा. ड्रायव्हरने शिट्टीची ठरलेली खूण दिली की सगळ्यांनी एकदम हातचाक आवळायचं, दुसरी खूण झाली की सोडायचं. उतारावर गाडी त्यांच्या मनगटांवर येत होती. या लोकांकडे कुणी कॅमेरा वळवत नसे, सगळे इंजिनाचे फोटो काढत.

आता मुद्द्याचं. अमन लॉजला एवढी गर्दी का असते? जुन्या लोकांच्या आठवणीत तर हे नावही नसतं.

बरोबर आहे, नसतंच. माझ्या वडिलांना विचारलं असतं तर त्यांनी नेरळ आणि माथेरान एवढंच सांगितलं असतं. मधली स्टेशनं ही एकेरी मार्गावर समोरासमोरच्या गाड्यांना एकमेकींना वाट करून द्यायला असतात. माणूस नेरळला चढायचा आणि माथेरानला उतरायचा. अमन लॉज आलं की मोठी माणसं चपला शोधायला लागायची, कारण आता पोचलोच. त्याच्यापलीकडे या स्टेशनाला कुणी किंमत दिली नव्हती.

बदल झाला तो रस्त्यामुळे. घाटरस्ता नेरळहून दस्तुरीपर्यंत आला, आणि तिथेच थांबला. त्यापुढे मोटार न्यायची नाही हा माथेरानचा नियम. झालं. नेरळहून शेअर टॅक्सी अर्ध्या तासाच्या आतबाहेर दस्तुरीला सोडायला लागली, तर गाडीला अडीच तास. घाईच्या माणसाने रस्ता धरला. पण दस्तुरीला उतरलेल्या माणसापुढे प्रश्न उरायचाच: गावापर्यंतचे अडीच किलोमीटर, हातात बॅगा, कडेवर पोर, सोबत गुडघेदुखीची आजी. आणि त्याच्या शेजारीच रूळ!

म्हणजे ज्या रस्त्याने रेल्वेचे प्रवासी पळवले, त्याच रस्त्याने अमन लॉजला प्रवासी आणून दिले. पूर्वी या स्टेशनात गाडी 'संपत आलेली' असायची, आता बहुतेकांची गाडी इथेच सुरू होते. माथेरानच्या बाकी सगळ्या स्टेशनांचं महत्त्व गेल्या पन्नास वर्षांत कमी झालं किंवा होतं तेवढंच राहिलं, वाढलं ते फक्त या एकाचं.

शटल कधीपासून आहे?

अमन लॉज ते माथेरान अशी स्वतंत्र शटल सेवा २०१२ च्या सुमारास मध्य रेल्वेने सुरू केली. प्रवास वीस मिनिटांच्या आसपासचा. आज बहुतेक लोक 'मी मिनी ट्रेनने गेलो' म्हणतात तेव्हा ते ही वीस मिनिटंच सांगत असतात. त्याला कमी लेखायचं कारण नाही, पण घाट पाहायचा असेल तर नेरळहूनच बसा.

मोटारी वर का नेऊ देत नाहीत? आमच्या ओळखीचे एक साहेब आहेत...

साहेब असोत की सम्राट, दस्तुरीला उतरायचं. रुग्णवाहिका आणि अग्निशमन यांसारखे अपवाद सोडले तर माथेरानमध्ये मोटार नाही. २००३ मध्ये केंद्र सरकारने माथेरान आणि आजूबाजूचा सुमारे २१४ चौरस किलोमीटर परिसर पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र म्हणून जाहीर केला, त्यामुळे बंधनं आणखी कडक झाली. जांभ्या दगडाचं पठार, वर लाल मातीचे रस्ते, त्यावर झाडांचं छत. यात एकदा मोटारी शिरल्या की उरलंच काय?

या नियमाची दुसरी बाजूही सांगायला हवी. गॅसचं सिलिंडर, सिमेंट, भाजी, पाण्याचे खोके, सगळं दस्तुरीहून पुढे घोड्यांच्या पाठीवर, हातगाड्यांवर आणि माणसांच्या डोक्यावर जायचं. माथेरानला वस्तू महाग का, असं कुरकुरणाऱ्यांनी एकदा भरलेली हातगाडी त्या चढावरून ढकलून बघावी.

हातरिक्षा बंद झाल्या का?

माणसाने माणसाला ओढायची ती पद्धत इथे फार वर्षं टिकली. २०२२ च्या अखेरीस ई-रिक्षांचा प्रयोग सुरू झाला. ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हातरिक्षा सहा महिन्यांत टप्प्याटप्प्याने थांबवायला सांगितलं. हातरिक्षा ओढणाऱ्यांच्या पुनर्वसनाचा विचारही त्याच आदेशात आहे. बाकी या विषयावर घोडेवाले, रिक्षावाले आणि हॉटेलवाले अशी तीन मतं तुम्हाला एका चहात ऐकायला मिळतील.

२६ जुलैच्या पुरात रेल्वेचं काय झालं?

२६ जुलै २००५. मुंबईत सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला तो दिवस. नेरळच्या डोंगरानेही त्या पावसाचा वाटा घेतला. ठिकठिकाणी रुळांखालचा भराव वाहून गेला, रूळ हवेत लोंबकळत राहिले. गाडी परत सुरू झाली ती मार्च २००७ मध्ये, म्हणजे बरोबर शंभराव्या वर्षी. त्या वर्षी आम्ही मुद्दाम नेरळहून बसलो. शेजारच्या बाकावर एक आजोबा होते, प्रत्येक मोरी आली की खाली वाकून बघायचे आणि नातीला सांगायचे, "हे नवीन बांधलंय." नात बिस्किट खात होती.

आणि २०१६?

मे २०१६ मध्ये थोड्याच दिवसांत दोनदा डबे रुळांवरून घसरले. सेवा पूर्ण बंद. सुरक्षेची कामं झाली, डब्यांना हवेच्या दाबाचे ब्रेक बसवले, दरीकडच्या बाजूला कठडे आले. मग ३० ऑक्टोबर २०१७ ला आधी अमन लॉज-माथेरान शटल सुरू झाली, आणि २६ जानेवारी २०१८ ला नेरळपासूनचा पूर्ण मार्ग. हा क्रम बघा: पहिली अमन लॉज, मग बाकी सगळं.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये पावसाने पुन्हा घाट खाल्ला. शटल आधी उठली, मग कोरोनाने तीही बसवली, नोव्हेंबर २०२० मध्ये पुन्हा उठली. नेरळहून थेट गाडी यायला मात्र २२ ऑक्टोबर २०२२ उजाडावं लागलं. म्हणजे तीन वर्षांहून जास्त काळ माथेरानच्या रेल्वेतला चालू असलेला भाग कुठला, तर हे अडीच किलोमीटर. लोक म्हणतात तशी माथेरानची राणी, म्हणजे ही मिनी ट्रेन, बंद नव्हती, ती वरच्या मजल्यावर राहायला गेली होती.

पावसाळ्यात नेरळहून गाडी बंद आणि अमन लॉजहून चालू, हे कसं काय? पाऊस तर दोन्हीकडे सारखाच.

पाऊस सारखा, जमीन वेगळी. नेरळपासून अमन लॉजपर्यंतचा मार्ग डोंगराच्या अंगावरून जातो. एका बाजूला कापलेला कडा, दुसऱ्या बाजूला दरी. वरून दगड येतात, खालून भराव सुटतो. अमन लॉजला पोचलं की तुम्ही डोंगराच्या माथ्यावर असता. वरून पडायला काही उरलेलं नसतं.

म्हणूनच अगदी सुरुवातीपासून ही रेल्वे पावसाळ्यात बंदच असायची. १९८० च्या दशकापासून ती बारमाही चालवायला लागले. आता अलीकडे पुन्हा जूनपासून साधारण ऑक्टोबरपर्यंत घाटातली सेवा थांबवतात आणि शटल चालू ठेवतात. माझं मत विचाराल तर हे शहाणपणाचं आहे, फक्त पावसात वॉटर पाइपच्या बाजूचे धबधबे गाडीतून बघायचे राहतात याचं वाईट वाटतं.

ही रेल्वे जागतिक वारसा आहे ना?

अजून नाही. दार्जिलिंग १९९९ मध्ये, निलगिरी २००५ मध्ये आणि कालका-शिमला २००८ मध्ये युनेस्कोच्या यादीत गेल्या. माथेरान तात्पुरत्या यादीत आहे, म्हणजे उमेदवार आहे. काही हॉटेलांच्या जाहिरातींत 'युनेस्को हेरिटेज ट्रेन' असं छापलेलं दिसतं. त्यांनी निकाल आधीच लावून टाकला आहे.

जुम्मापट्टी आणि वॉटर पाइपला उतरता येतं का? बघण्यासारखं काय आहे?

जुम्मापट्टीजवळ रस्ता आणि रेल्वे एकमेकांना भेटतात, तिथे टॅक्सीतले लोक गाडीतल्यांना हात करतात. वॉटर पाइपच्या नावातच पाणी आहे, चढावर वाफेच्या इंजिनाला दुसरं हवं तरी काय? गाडी तिथे थोडी थांबते, पाय मोकळे करता येतात.

अमन लॉजला उतरल्यावर बघायला काय आहे?

खरं सांगू? फारसं काही नाही, आणि तेच बरं आहे. छोटंसं उतरतं छप्पर, बाकं, तिकीट खिडकी, नावाची पाटी, आणि चहूकडून झाडं. सकाळच्या पहिल्या शटलच्या आधी गेलात तर धुक्यात रूळ दिसतात ते फक्त दहा-वीस पावलांपुरते, पुढे सगळं पांढरं. मग कुठूनतरी घुंगरांचा आवाज येतो, घोडा रुळाच्या कडेने निघून जातो, आणि थोड्या वेळाने इंजिनाचा भोंगा. डबे इतके ठेंगणे की फलाटावर उभ्या माणसाचं डोकं जवळपास टपाला लागतं. आता काही डब्यांना काचेचं छत असतं, विस्टाडोम म्हणतात त्याला. मला साधा डबा बरा वाटतो, हात बाहेर काढला की पानं लागतात. (काढू नका. मी काढतो म्हणून तुम्ही काढू नका.)

माकडांपासून सावध राहा. गेल्या वेळी एका माकडाने माझ्या शेजारच्या बाईंच्या पिशवीतून चिक्कीचं पाकीट काढलं, छपरावर बसून दातांनी फाडलं, एक तुकडा खाल्ला आणि उरलेलं पाकीट खाली टाकून दिलं. बाई म्हणाल्या, "गुळाची होती, त्याला साखरेची हवी असेल."

तिकीट आधी काढून ठेवता येतं का?

खिडकीवर जाऊनच काढायचं, आणि जागा मोजक्या असतात. शनिवार-रविवार आणि दिवाळी-नाताळच्या सुट्टीत रांग लवकर लागते. गाड्यांच्या वेळा आणि भाडं बदलत असतं, म्हणून इथे लिहीत नाही. निघण्याआधी त्या दिवसाचं वेळापत्रक बघा.

मुंबईहून कसं यायचं?

कर्जत किंवा खोपोली लोकल पकडून नेरळला उतरा. छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसपासून ८६ किलोमीटर. पुण्याहून येणाऱ्यांनी कर्जतला उतरून उलटी लोकल धरायची. नेरळहून पुढे मिनी ट्रेन, नाहीतर शेअर टॅक्सीने दस्तुरी आणि मग अमन लॉज.

अमन लॉजहून चालत गेलं तर किती वेळ लागतो?

साध्या चालीने पाऊण तास धरा. वाट बरीचशी रुळांच्या सोबतीने जाते, सावली आहे, चढ फार नाही. लाल धूळ मात्र इतकी की पांढरे मोजे घरी परत आल्यावर पांढरे राहत नाहीत. गाडी आली की बाजूला व्हा. ती हळू येते, पण तुम्हाला वळसा घालून जाऊ शकत नाही.

शेवटची शटल चुकली तर?

तर माझं झालं ते तुमचं होईल. एका डिसेंबरात नेरळला वडापाव खात बसलो, टॅक्सीत 'आणखी दोन सीट भरू दे' म्हणून थांबलो, आणि दस्तुरीला पोचलो तेव्हा शेवटच्या शटलचा मागचा दिवा झाडांत दिसेनासा होत होता. चूक पूर्ण माझी. सोबत आई, आणि आईची चाकांची नवी सूटकेस. पहिल्या शंभर पावलांत तिची चाकं मातीने भरली आणि फिरायची थांबली, मग ती ओढायची ते घसरगुंडीसारखी. अंधार पडला. एका हमालदादांनी आम्हाला बघितलं, काही न विचारता बॅग डोक्यावर घेतली आणि म्हणाले, "आजींना मध्ये ठेवा, तुम्ही मागून बॅटरी मारा." आई पूर्ण वाट त्यांच्याशी गप्पा मारत चालली, त्यांच्या मुलीच्या दहावीपर्यंत पोचली. मी मागून बॅटरी मारत होतो.

तेव्हा बॅग पाठीवरची घ्या, बॅटरी जवळ ठेवा, आणि वडापाव वर जाऊन खा.